नकलेच्या मागचं पान

मी एका माणसाला ‘नाही’ म्हटलं आणि ‘का’ ते सांगितलं नाही. ही माझी चूक. लिहायला एक ओळ पुरते, म्हणून ती लहान दिसते. मलाही बरीच वर्षं ती लहानच वाटत होती. पण त्या वेळी मी न्यायाधीश होतो आणि ‘का’ ते सांगणं हेच माझं काम होतं. मी चुकीचं कारण लिहिलं असतं, तर वरच्या कोर्टानं ते खोडून काढलं असतं. मी कारणच लिहिलं नाही. त्यामुळं दुरुस्त करायला कोणाच्या हाताला काही लागलंच नाही.

गाव नांदेड-लातूर रस्त्यावरचं, तालुक्याचं. नाव लिहीत नाही. त्या कोर्टात माझ्याआधी आणि माझ्यानंतर चांगली माणसं बसली आहेत, माझी चूक त्यांच्या अंगाला लागायला नको. मी नांदेडचा. शिकलो नांदेडला, काळा कोट पहिल्यांदा घातला नांदेडला, आणि न्यायाधीश म्हणून पहिली नेमणूक झाली ती या गावी, दिवाणी न्यायाधीश, कनिष्ठ स्तर. सोळा-सतरा वर्षं झाली त्याला. बायको आणि लहान मुलगी नांदेडलाच, माझ्या आईपाशी होत्या. मी सरकारी क्वार्टरमध्ये एकटा राहायचो आणि शनिवारची वाट बघायचो.

ते कोर्ट आठवलं की मला अजून पहिल्यांदा गारवा आठवतो. इमारत बैठी, जाड भिंतींची. बाहेर ऊन मी मी म्हणत असताना आत शिरलं की डोळ्यांपुढं क्षणभर अंधारी यायची. समोर दोन कडुनिंब. एकाखाली टाइपरायटरवाले, दुसऱ्याखाली पक्षकारांच्या भाकरीच्या फडक्यांच्या गाठी सुटायच्या. जुनी माणसं मला ‘मुन्सफसाहेब’ म्हणत. निजाम जाऊन किती काळ लोटला होता, पण वादी त्यांच्या तोंडी अजून ‘मुद्दई’च होता. आमचा पट्टेवाला पुकारा करायचा तो असा की रस्त्यापलीकडच्या हॉटेलातला माणूस चहाचा कप तसाच ठेवून उठायचा. दुपारी दोनच्या सुट्टीत स्टेनोबाई घरून आणलेली कारळाची चटणी चेंबरमध्ये पाठवायच्या. वकील मंडळी भांडायची ती कोर्टात. बाहेर एकाच मोटारसायकलवर बसून घरी जायची. मी तरुण होतो, गाऊन अंगावर आला की पाठ आपोआप ताठ व्हायची. ते दिवस मला आवडले होते. अजून आवडतात. म्हणूनच त्यांच्यातला तो एक दिवस जास्त खुपतो.

ज्यांच्याबद्दल सांगतोय ते गावातले शिंपी. त्यांना सगळे ‘मास्टर’ म्हणत, मीही तसंच म्हणतो. पिढ्यान्‌पिढ्या गावात राहिलेलं मुसलमान कुटुंब. तालुक्यातल्या निम्म्या वकिलांचे काळे कोट त्यांच्या हातचे. त्यांची माझी ओळख झाली ती कोर्टात नव्हे, एका चिठ्ठीतून.

पहिल्याच हिवाळ्यात माझा कोट पोटावर घट्ट व्हायला लागला. पट्टेवाल्याच्या हाती तो मास्टरांकडे पाठवला, जरा सैल करून आणा म्हणून. दोन दिवसांनी कोट आला तसाच परत. आतल्या खिशाला टाचणीनं एक कागद लावलेला. मास्टरांच्या अक्षरात लिहिलं होतं: ‘साहेब, कोट सैल होत नाही. बाजूच्या शिवणीत माया पाव इंचसुद्धा नाही. पाठीत अर्धा इंच आहे, पण ती सोडली तर जुन्या शिवणीची रेघ वर दिसते. म्हणून सोडली नाही. बघण्यासाठी जेवढं उसवलं तेवढं परत शिवून दिलं आहे.’ माया म्हणजे शिवणीच्या आत सोडलेलं जादा कापड. पुढं कधी अंग भरलं तर उपयोगी पडावं म्हणून ठेवतात ते.

शनिवारी नांदेडला गेल्यावर मी ती चिठ्ठी बायकोला वाचून दाखवली. आम्ही दोघं हसलो. ‘नाही जमत म्हणून कोट परत पाठवायचा, त्याला एवढं पुराण कशाला?’ मी म्हणालो. पट्टेवाल्याकडून कळलं की मास्टरांची ती रीतच होती. जे काम करता येत नाही त्यावर चिठ्ठी लावल्याशिवाय कापड परत करायचं नाही. गिऱ्हाइकाला वाटू नये की आपलं काम टाळलं.

पुढच्या वर्षी मास्टर माझ्यासमोर उभे राहिले, वादी म्हणून. गळ्यात मोजमापाची टेप तशीच राहिली होती. पट्टेवाल्यानं ‘मास्टर, फीत काढा, कोर्ट हाय,’ म्हणून दबक्या आवाजात सांगितलं, तेव्हा ते एवढे ओशाळले की टेप खिशात घालता घालता तिचं टोक बाहेरच राहिलं.

दावा साधा होता. मास्टरांच्या घराला पुढं दुकान आणि मागं एक दार. ते दार एका बोळात उघडायचं. मास्टरांच्या बायकोला गावात सगळे ‘भाभी’ म्हणत. भाभी मागच्या खोलीत बायकांचे कपडे शिवत. पुढच्या दुकानात पुरुषांसमोर माप द्यायला बायका यायच्या नाहीत. त्या बोळातून, मागच्या दारानं यायच्या. शेजारी भांड्यांचं दुकान होतं. बोळ आपला आहे म्हणून त्या दुकानदारानं तिथं पत्र्याचं शेड घालायला सुरुवात केली. वहिवाटीचा रस्ता अडवू नये, एवढंच मास्टरांचं मागणं होतं.

दावा चालू असताना जूनमधल्या एका तारखेला मास्टर आले नाहीत. त्यांचे वकीलही त्या दिवशी लातूरच्या कोर्टात अडकले होते. प्रतिवादी हजर, वादी गैरहजर. कायद्याप्रमाणं मी दावा काढून टाकला. त्यात चूक नव्हती. अशा वेळी वादीला तीस दिवसांच्या आत अर्ज करता येतो की, माझ्या गैरहजेरीला अमुक कारण होतं, दावा परत फाईलवर घ्या. नवा दावा मात्र त्याच कारणावर करता येत नाही. म्हणजे हा अर्ज हेच एक दार उरतं.

मास्टरांचा अर्ज आला चौतिसाव्या दिवशी. सोबत नांदेडच्या दवाखान्याचे कागद. तारखेच्या आदल्या दिवशी भाभींच्या पोटात अचानक कळा सुरू झाल्या, रिक्षात घालून स्टँडवर, तिथून गाडी करून नांदेड. ऑपरेशन झालं. जखम चिघळली, दवाखान्यातला मुक्काम वाढत गेला. कार्डावरची घरी सोडल्याची तारीख म्हणजे अर्जाच्या आदला दिवस. ते मी पाहिलं होतं. त्या तारखेवर मी लाल पेन्सिलीनं खूणही केली होती. म्हणजे मला हे ठाऊक होतं आणि खरंही वाटलं होतं. भांड्यांच्या दुकानदारानं आपल्या लेखी म्हणण्यात लिहिलं होतं की हे कागद बनावट आहेत, वादीची बायको ठणठणीत आहे. त्यावर माझा विश्वास बसला नव्हता.

पण अर्ज चार दिवस उशिरा होता आणि उशीर माफ करा असा वेगळा अर्ज त्याला जोडलेला नव्हता. ही चूक वकिलाची.

निकालासाठी तो अर्ज माझ्यासमोर आला दिवाळीच्या सुट्टीआधीच्या शेवटच्या दिवशी. पाचची नांदेड गाडी धरायची होती. टेबलावर असे पंधरा-सोळा अर्ज. अर्जाच्या कागदाला डावीकडं कोरा समास असतो, किरकोळ हुकूम आम्ही तिथंच हातानं लिहायचो. मी लिहिलं: ‘अर्ज वाचला. प्रतिवादीचे म्हणणे वाचले. उभय वकिलांचे ऐकले. सबळ कारण दिसत नाही. अर्ज नामंजूर.’ खाली सही.

स्टेनोबाई वही घेऊन उभ्या होत्या. मास्टर त्यांना ठाऊक होते.

‘साहेब, ह्याच्यात दोन ओळी कारण घ्यायचं का? मी टाइप करून देते. पाच मिनिटं.’

‘राहू द्या बाई. त्यांच्या वकिलाला कळतंय कशामुळं ते.’

‘वकिलाला कळतंय का पण?’

‘कळायला पाहिजे,’ मी म्हणालो आणि पुढचा अर्ज ओढला. पाचची गाडी मिळाली. खिडकीजवळची जागा मिळाली. मुलीसाठी लाल रंगाची भिंगरी घेतली होती, ती बसच्या वाऱ्यावर गरगर फिरत होती, आणि मी आनंदात होतो.

वकिलाला कळलं नव्हतं. त्यानं दिवस मोजले होते ते दावा काढून टाकल्याचं त्याला कळलं त्या दिवसापासून. त्याच्या हिशेबी अर्ज मुदतीतच होता. त्यामुळं ‘सबळ कारण दिसत नाही’ याचा अर्थ त्यानं एकच लावला, आणि मास्टरांनीही तोच लावला. दवाखान्याचं कारण कोर्टाला खरं वाटलं नाही. शेजारी तर तोच अर्थ लावणार होता. भांड्यांच्या दुकानात येईल त्या गिऱ्हाइकाला तो सांगायचा, ‘कोर्टानंच खोटं ठरवलं. बायकोच्या आजाराचं सोंग केलं व्हतं.’ माझ्या चार शब्दांत त्याच्यासाठी भरपूर जागा होती.

सुट्टी संपवून मी परत आलो. दुपारच्या चहाला नकला देणारे कारकून चेंबरमध्ये आले होते. त्यांनी गंमत म्हणून सांगितलं.

‘साहेब, मास्टर आले होते नक्कल न्यायला. दिली. कागद उलटा केला, परत सुलटा केला. मला म्हणतात, साहेब, पुढचं पान राहिलं वाटतं.’

‘मग?’

‘मी म्हटलं, मास्टर, पुढचं पान नसतंय. एवढंच हाय. तर म्हणे, न्हाई जी, कामून नामंजूर झालं ते कोण्या तरी पानावर असंल ना. बघा की जरा. म्हणून मला पुन्हा फाईल काढायला लावली!’

आम्ही हसलो. मी हसलो, हे लिहून ठेवतो. वर मी म्हणालो, ‘मास्टरांना वाटलं असेल, टाचणीनं चिठ्ठी लावून देतील.’ स्टेनोबाई तेवढ्या हसल्या नाहीत. त्यांनी कप उचलले आणि बाहेर गेल्या.

वकिलानं मास्टरांना सांगितलं होतं, लातूरला अपील करू, असा हुकूम वर टिकत नाही. त्याचं म्हणणं बरोबर होतं. पण मास्टर गेले नाहीत. हे मला पट्टेवाल्याकडून कळलं. ते म्हणाले होते, ‘एकदा सच सांगून झूटा झालो. आता लातूरला जाऊन परत तेच सांगू?’ दिवाळीनंतर शेड पूर्ण झालं. बोळ बंद झाला. मागच्या दारानं येणाऱ्या बायका यायच्या थांबल्या.

दोन वर्षांनी माझी बदली झाली, पुढं बढतीवर लातूरला गेलो. लातूरच्या दिवसांचंही मला वेड आहे. ग्रंथालयाची लांब टेबलं, पंख्याखाली फडफडणारे निकालांचे जाड खंड, आणि संध्याकाळी एका ज्येष्ठ न्यायाधीशांबरोबरचं फिरणं. खालच्या कोर्टांची अपिलं त्यांच्याकडं यायची. एकदा चालता चालता ते म्हणाले,

‘तुमच्या जुन्या कोर्टातल्या एक-दोन फायली परत पाठवल्या मी. तुमच्याच काळातल्या होत्या.’

‘निकाल चुकला होता का, सर?’

‘तेच तर सांगता येईना. चुकला असता तर मी बदलला असता, बरोबर असता तर ठेवला असता. तुम्ही नामंजूर केलं हे दिसतं. तुम्ही काय बघून नामंजूर केलं ते दिसत नाही. मग मी कशाला हात लावू? पाठवल्या परत, म्हटलं कारणं द्या.’ थोडं चालून ते हसत म्हणाले, ‘मलाही गाडी धरायची घाई असायची तुमच्या वयात. पण हारणारा माणूस गाडी धरत नाही हो. तो कागद घेऊन घरी बसतो.’

त्या दिवसापासून मी कारणं लिहायला लागलो. किरकोळ अर्जावरसुद्धा चार-सहा ओळी. कामाला वेळ लागायचा, स्टेनो वैतागायचे. पण एक गोष्ट ध्यानात आली. कधी कधी अर्ज नामंजूर करायचं मनात ठरवून कारण सांगायला सुरुवात करायचो आणि तिसऱ्या-चौथ्या वाक्याला अडकायचो. वाक्य पुढं जायचंच नाही. मग पुन्हा कागद वाचायचे, आणि कधी कधी अर्ज मंजूर व्हायचा. मास्टरांचा अर्ज मला अशा वेळी आठवायचा. मी तो मनातून बाजूला सारायचो. माझ्याकडं कारण होतं, फक्त लिहिलं नव्हतं, असं स्वतःला सांगायचो. उशीर झाला होता, माफीचा अर्ज नव्हता. कारण होतंच.

लातूरहून नांदेडला जाताना एसटी चाकूरला थांबायची. तिथं मी खाली उतरून हमखास चहा घ्यायचो, ओळखीचं कोणी भेटलं तर गप्पा मारायचो. पण माझ्या जुन्या गावचा स्टँड आला की मी वर्तमानपत्र उघडून तोंडासमोर धरायचो. गाडी दहा मिनिटं थांबायची. त्या दहा मिनिटांत मी जाहिरातींपासून निधनवार्तांपर्यंत सगळं वाचून काढायचो. स्टँडपासून मास्टरांचं दुकान पाच मिनिटांवर.

आईच्या आजारपणात मी नोकरी सोडली. आता नांदेडला एका विधी महाविद्यालयात दिवाणी प्रक्रिया शिकवतो. मागच्या वर्षी हुकूम कसा लिहावा हे शिकवताना, नाव न घेता, मास्टरांची गोष्ट सांगितली. वाईट हुकुमाचं उदाहरण म्हणून सांगितली. तो हुकूम माझाच होता हेही सांगितलं. मला वाटलं, हे सांगितलं की आपलं ओझं उतरेल. मागच्या बाकावर भोकरकडची एक मुलगी बसते. बोलते तिच्या गावाकडचंच. तिनं हात वर केला.

‘मंग त्यांना कळलं का सर, कामून नामंजूर झालं ते?’

‘नाही.’

‘अजून बी न्हाई?’

‘अजून नाही.’

‘मंग तुमी हामाला कामून सांगून राहिलेत, सर? त्यांना सांगा की.’

वर्ग हसला. मीही हसलो, पण तास दहा मिनिटं आधी सोडला.

त्या रविवारी मी टेबलाशी बसलो. म्हटलं, मास्टरांना कारण द्यायचंय ना, मग ते नीट लिहून देऊ. तोंडी नको. त्यांच्या चिठ्ठीसारखं. मी लिहायला लागलो. ‘अर्ज तीस दिवसांच्या मुदतीनंतर चार दिवसांनी दाखल झाला आहे.’ हे पहिलं वाक्य. ‘उशीर माफ करण्यासाठी स्वतंत्र अर्ज नाही.’ हे दुसरं. तिसऱ्या वाक्यात दवाखान्याबद्दल लिहिणं भाग होतं. ‘वादीची पत्नी तारखेच्या आदल्या दिवसापासून तेहेतिसाव्या दिवसापर्यंत नांदेड येथे दवाखान्यात होती, हे कागदांवरून दिसते.’ आणि चौथं वाक्य? चौथ्या वाक्यात मला लिहायचं होतं, ‘तरीही अर्ज नामंजूर करण्यात येतो.’

ते लिहिता येईना. बायको दवाखान्यातून सुटली त्याच्या दुसऱ्या दिवशी जो माणूस कोर्टात आला, त्याच्या उशिराचं कारण त्याच कार्डावर, माझ्याच लाल खुणेखाली होतं. वेगळा कागद जोडा, एवढं सांगून पुढची तारीख देता आली असती. तीन वेळा कागद फाडला. चौथ्यांदा सरळ लिहीत गेलो तेव्हा शेवटी आलं, ‘अर्ज मंजूर.’ कागदाची एक बाजू भरून मागची बाजूही अर्धी भरली होती.

इतकी वर्षं मी समजत होतो की माझ्याकडं कारण होतं आणि ते सांगायचं राहून गेलं. कारण नव्हतंच. त्या दिवशी स्टेनोबाईंना ती पाच मिनिटं दिली असती तर तिसऱ्या वाक्यालाच मला ते कळलं असतं.

दुसऱ्या रविवारी मी त्या गावच्या स्टँडवर उतरलो. दुकान तिथंच होतं. पाटीचा रंग उडालेला, मशीन तेच, काळं. मास्टर खूप वाळले होते. चष्म्याच्या वरून बघत म्हणाले,

‘या मुन्सफसाहेब.’

‘ओळखलंत?’

‘तोंड न्हाई ओळखलं. खांदा ओळखला. उजवा खांदा पाव इंच उतरता हाय तुमचा. तुमच्या कोटावरून कळालं व्हतं. बसा. कोट आणला का काय?’

‘नाही. तो कधीच गेला.’

‘जाणारच. माया न्हवती त्याच्यात,’ असं म्हणून ते हसले, आणि मला स्टूल पुढं केलं.

बसलो तिथून आतली खोली दिसत होती. मागच्या भिंतीत जिथं दार असावं तिथं विटा रचून फळ्या बसवल्या होत्या. फळ्यांवर रंगीत रिळं ओळीनं. चौकट मात्र जशीच्या तशी होती.

आतून बाईचा आवाज आला. ‘अजी, कोण हाय?’

‘मुन्सफसाहेब आलेत. जुने.’

‘कोन्ते? ते एका लायनीवाले?’

‘हळू की. ऐकू जातंय त्यांना.’

‘जाऊ द्या. त्यांचं मला बी ऐकू आलं व्हतं.’ भाभी पडदा सारून उंबऱ्यापाशी आल्या आणि भिंतीला धरून खाली बसल्या. ‘ह्या गल्लीत कोणाच्या पोरानं शाळेला दांडी मारून पोट दुखतंय म्हटलं की काय म्हणतात ठाव हाय का साहेब? मास्टरच्या बीबीवानी दुखतंय का, म्हणतात. आता तर पोरांना मी कोण हे बी ठाव न्हाई. पण म्हणतात.’

मास्टर मान खाली घालून सुईत दोरा ओवत होते. तो ओवला जात नव्हता.

मी खिशातून कागद काढला. त्यांच्या हातात दिला. म्हणालो, ‘मास्टर, याला कोर्टात काही किंमत नाही. मी आता न्यायाधीश नाही. पण तुम्ही नकलेच्या खिडकीवर जे विचारलं होतं, त्याचं हे उत्तर.’

त्यांनी चष्मा वर सरकवला आणि वाचायला लागले. ओठ हलत होते. पान संपलं तेव्हा त्यांनी कागद उलटला. मागंही लिहिलेलं होतं. तिथं ते थोडे थांबले, माझ्याकडं पाहिलं, आणि मग उरलेलं वाचलं. शेवटची ओळ दोनदा वाचली असावी.

‘मंजूर,’ ते म्हणाले.

‘काय मंजूर?’ भाभींनी विचारलं.

‘आपला अर्ज.’

‘आता? आता काय विटा काढता का त्या?’ भाभी म्हणाल्या. त्यांनी माझ्याकडं बघितलं. ‘विटांचं ऱ्हाऊ द्या साहेब. मला येवढंच सांगा. त्या दिवशी तुमी माझं दुखणं झूट धरलं व्हतं, का खरं?’

शेजारच्या दुकानात भांडी मांडायचा आवाज चालू होता. मी स्टुलावरून उठलो आणि भिंतीपलीकडं नीट ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं म्हणालो, ‘खरं धरलं होतं, भाभी. त्या दिवशीही खरंच धरलं होतं. मास्टर एक शब्द खोटं बोलले नव्हते. नामंजूर करायला माझ्याकडं कारण नव्हतं. मी लिहायला बसलो नाही, म्हणून मला ते कळलं नाही. चूक माझी होती. दोघांनी मला माफ करा.’